अळंबीच्या महालाला जेवायला काय घालता?

मराठीत कल्पित जगं उभारणाऱ्या लेखकांना, चित्रकारांना आणि गेम बनवणाऱ्यांना खुले पत्र

प्रिय मित्रमैत्रिणींनो,

गेल्या दिवाळीत एका मुलीने मला तिच्या चित्रकादंबरीची पहिली चाळीस पानं पाठवली. माझ्या भाचीची मैत्रीण. तिची नायिका एका कल्पित राज्यातली वास्तुकार आहे आणि जिवंत बुरशीतून घरं उभारते. मी स्वतः आर्किटेक्ट. गेली सहा वर्षं कुडाळजवळच्या एका शेडमध्ये भाताच्या पेंढ्यावर बुरशी वाढवून तिच्या विटा आणि फळ्या करते. म्हणून ती पानं माझ्याकडे आली. नवव्या पानावर नायिका जमिनीला तळवा टेकते, डोळे मिटते, आणि पुढच्या चौकटीत सात मजली मनोरा उभा. लाल टोपी, टोपीवर पांढरे ठिपके, खिडक्यांतून हिरवा-निळा उजेड.

रेषा सुरेख होती. मी ते पान बराच वेळ बघत बसले. मग तिला एकच प्रश्न लिहून पाठवला: हा मनोरा जेवतो काय?

तिचं उत्तर आलं, "मावशी, हे डोक्यातच आलं नव्हतं."

या पत्राची सुरुवात त्या उत्तरातून झाली, पण ते तिच्या एकटीसाठी नाही. तेच पान मी नंतर वेगवेगळ्या हातांनी काढलेलं पाहिलंय, कथांमध्ये वाचलंय, कॉलेजच्या मुलांनी दाखवलेल्या गेमच्या आराखड्यांतही ते होतं. बुरशीने घर बांधणारी ही व्यक्ती आपल्या गोष्टींत रुळायला लागली, याचा मला मनापासून आनंद आहे. वाईट एवढ्याचंच वाटतं, की तिची जादू सगळे लिहितात आणि तिचं आयुष्य कुणीच लिहीत नाही. तिचा दिवस कसा जातो, ती रात्री कशाने दचकून उठते, म्हातारपणी तिच्या हाताशी काय उरतं, हे मला कुठेच सापडलं नाही. म्हणून मला जे ठाऊक आहे ते तुमच्यापुढे ठेवते.

बुरशी म्हणजे झाड नव्हे. झाड उन्हातून अन्न करतं. बुरशीला ते येत नाही. तिला आपल्यासारखंच तयार अन्न लागतं आणि ती आपल्या अन्नातच राहते. पेंढ्याच्या काडीत शिरते, पाचक रस सोडते, काडी विरघळवते आणि तो रस शोषून पुढे सरकते. हे काम करणारे तंतू केसाहून कितीतरी बारीक. त्यांचं जाळं म्हणजे कवकजाल. शेडमध्ये आम्ही मायसेलियमच म्हणतो. अळंबी हे त्या जाळ्याचं फळ. तुमच्या चित्रांत घर म्हणून उभं असतं ते फळ, आणि बांधकामाला कामी येतं ते जाळं. पलंग आंब्याच्या लाकडाचा करतात, फळाचा नाही, तसंच हे.

आता तिचं काम जवळून बघा. पेंढा दोन-तीन बोटं लांब कापायचा, रात्रभर भिजत घालायचा, सकाळी 80 अंशांच्या पाण्यात तासभर ठेवायचा आणि निथळायचा. मुठीत घट्ट दाबला तर थेंब पडता कामा नये, पण तळहात ओला लागला पाहिजे. हा अंदाज शिकायला मला एक अख्खा हंगाम लागला. मग साच्यात एक थर पेंढ्याचा, एक थर बियाण्याचा. बियाणं म्हणजे गव्हाच्या उकडलेल्या दाण्यांवर वाढवलेली बुरशी. धिंगरी अळंबीचं पीक घेणारे शेतकरी याला बेड भरणं म्हणतात. भरलेला साचा अंधारात, 25 अंशांच्या आसपास, दोन-तीन आठवडे ठेवायचा. तिसऱ्या-चौथ्या दिवशी प्रत्येक दाण्याभोवती कापसासारखं वलय दिसतं. मग वलयाला वलय भिडतं. पंधराव्या दिवशी साचा उघडला की पेंढा दिसतच नाही. हाताला येतो तो पांढरा, साबराच्या चामड्यासारखा मऊ ठोकळा, आणि वास पहिल्या पावसानंतरच्या रानाचा. त्यावर हात ठेवून बघा. कोमट लागतो. जेवत असलेल्या जिवाची ती ऊब आहे. तुमच्यापैकी कुणीही आजवर बुरशीची भिंत कोमट असते असं लिहिलेलं नाही. एवढी एक ओळ लिहिलीत तरी ती भिंत जिवंत होईल.

आपण सहज म्हणतो, कुत्र्याच्या छत्र्यांसारखे उगवले. त्या छत्र्या रात्रीत उगवलेल्या दिसतात, कारण जाळ्याने आधी कित्येक आठवडे जमिनीखाली जेवून घेतलेलं असतं आणि पाऊस पडताच फक्त पाणी भरून छत्री फुगवलेली असते. जाळं स्वतः दिवसाला काही मिलिमीटर सरकतं. तुमच्या नायिकेचा मनोरा एका क्षणात उभा राहतो तेव्हा तुम्ही तिच्याकडून ते आठवडे काढून घेता. आणि तिचं खरं आयुष्य त्या आठवड्यांतच असतं. ती वाट पाहते. रात्री उठून साच्यांवर हात फिरवते, कुठला थंड पडलाय ते बघते.

आमच्या जगात हे काम कुठवर पोचलंय तेही सांगते, कारण कल्पनेची झेप कुठून घ्यायची ते त्यातून ठरतं. 2014 च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात मोमा पीएस-1 या कलासंस्थेच्या अंगणात 'हाय-फाय' नावाचा मनोरा उभा राहिला. डेव्हिड बेंजामिन आणि त्यांच्या 'द लिव्हिंग' या स्टुडिओची ती रचना. मक्याची चिरलेली ताटं आणि कवकजाल यांच्या साधारण 10,000 विटा, उंची सुमारे 12 मीटर. उन्हाळा सरला, मनोरा उतरवला आणि विटांचं खत केलं. 2017 साली सोलच्या बिएनालेत, म्हणजे दर दोन वर्षांनी भरणाऱ्या प्रदर्शनात, कार्ल्सरूह आणि झुरिकच्या वास्तुकारांनी 'मायकोट्री' उभी केली. तिच्या फांद्या अशा बेतल्या होत्या की प्रत्येक तुकड्यावर फक्त दाब येईल, ताण कुठेच नाही. आपल्याकडे 2016 साली कोची बिएनालेच्या काळात एक मंडप झाला: लाकडी सांगाड्यात नारळाच्या काथ्याचा भुसा भरून त्यावर बुरशी वाढवली होती, उन्हाने वरचा थर सुकून मरायचा आणि तोच आतल्या थराचं कवच व्हायचा. नासाच्या एम्स केंद्रात लिन रॉथशिल्ड आणि त्यांचे सहकारी मंगळावर जाताना सिमेंटऐवजी झोपलेली बुरशी न्यायची आणि तिथे जागी करायची, या दिशेने काम करत आहेत.

यातल्या विटा बहुतेक ठिकाणी मारून वापरतात. जाळं पुरेसं घट्ट झालं की वीट भट्टीत वाळवायची, म्हणजे वाढ थांबते. मीही तेच करते. भट्टीचं दार लावताना दर वेळी हाताला तीच ऊब लागते, आणि सहा वर्षांनंतरही मी त्या क्षणी शेडमधला रेडिओ बंद करते. मेलेली वीट हलकी, उष्णता अडवणारी, आवाज गिळणारी असते. पण ताकदीला बेताची. एम-20 काँक्रीट 20 मेगापास्कल दाब सोसतं. बुरशीच्या साध्या विटेचा आकडा 0.2 च्या आसपास. शंभरपट फरक. म्हणून कृपा करून त्या निमुळत्या देठावरचे सात मजले आणि हवेत लोंबणारे सज्जे काढू नका. जो जीव दाब सोसतो आणि ताण सोसत नाही, त्याच्याकडून कमान घ्या, घुमट घ्या, जाड भिंती घ्या. विजापूरचा गोल घुमट डोळ्यांसमोर आणा. कमानीची भाषा आपल्याकडे शेकडो वर्षं आहे, आणि बुरशीला तीच भाषा कळते.

पण तुमची वास्तुकार वीट मारत नाही. तिची घरं जिवंत आहेत. इथे माझं काम संपतं आणि तुमचं सुरू होतं, आणि म्हणूनच मला तिचा हेवा वाटतो. तिच्यापुढे जे प्रश्न आहेत ते माझ्यापुढे भट्टीच्या दारापर्यंतच असतात.

पहिला प्रश्न भुकेचा. जिवंत भिंत स्वतःलाच खाते. पेंढा संपेल तशी ती पोकळ होत जाणार, खचत जाणार. म्हणजे घराला दर हंगामाला चारा घालायला हवा, बाहेरून लेप द्यायला हवा, जसं आपण शेणामातीने घर सारवायचो. त्या राज्यात सुगी म्हणजे माणसांचं धान्य आणि घरांचा पेंढा, दोन्ही एकाच शेतातून. दुष्काळ पडला तर? गुरांना चारा द्यायचा की भिंतींना? मराठवाड्यातल्या चारा छावण्या पाहिलेल्या माणसाला हा प्रश्न समजावून सांगावा लागणार नाही. तुमची वास्तुकार अशा वर्षी गावात फिरते आणि कुठल्या घरांना उपाशी ठेवायचं ते ठरवते. मला ते प्रकरण वाचायचं आहे.

दुसरा प्रश्न श्वासाचा, आणि यात मी जरा रमणार आहे. बुरशी प्राणवायू घेते आणि कार्बन डायऑक्साइड सोडते, तुमच्या-माझ्यासारखीच. शेडची हवा कोंदली की धिंगरी ते लगेच सांगते: देठ लांबच लांब होतात आणि टोपी बटणाएवढीच राहते. हवा खेळती असली की देठ आखूड, टोपी तळहाताएवढी. दारातून एक नजर टाकून मी सांगू शकते की काल रात्री कुणी खिडकी उघडायला विसरलं होतं. आता कल्पना करा, तुमची वास्तुकार एका घरात पाऊल टाकते. घरमालक म्हणतो सगळं ठीक आहे. तिची नजर कोपऱ्यातल्या भिंतीवर जाते, तिथे लांब देठांची, बारक्या टोप्यांची अळंबी उगवली आहे. ती काही न बोलता पाळण्यातलं मूल उचलते आणि बाहेर आणते. या प्रसंगाला जादूची काय गरज?

आणि फळ धरलं की बीजाणू आले, म्हणजे बुरशीचं धुळीसारखं बी. धिंगरीची तोडणी एक दिवस लांबली तर सकाळी शेडमध्ये टॉर्चच्या झोतात पांढरा धूर तरंगताना दिसतो. तो श्वासात गेला की खोकला, ताप, छातीत जडपणा. वर्षानुवर्षं गेला तर फुप्फुसं धरतात. अळंबीच्या शेडमध्ये काम करणाऱ्यांचा तो ओळखीचा आजार आहे. मला दुसऱ्याच वर्षी झाला आणि तेव्हापासून मास्क सुटला नाही. जिवंत भिंतींच्या शहरात म्हातारे गवंडी खोकतात. तुमच्या जगातल्या लोकांना त्या खोकल्यासाठी एक शब्द असेल. तो शोधा.

तिसरा प्रश्न भाऊबंदकीचा. एकाच वाणाचे दोन ठोकळे मी एकमेकांना टेकवून ठेवले, तर चार-पाच दिवसांत ते सुटत नाहीत. तंतूला तंतू जुळतो, मधली रेघ नाहीशी होते. चुना नको, सिमेंट नको. तेच दोन वेगवेगळे वाण शेजारी ठेवले तर दोघांच्या मध्ये एक गडद रेघ उमटते. दोघंही आपापल्या बाजूला भिंत घालतात आणि तिथेच थांबतात. कुजलेल्या लाकडात दिसणाऱ्या काळ्या नागमोडी रेषा पुष्कळदा अशाच सरहद्दी असतात. आता तुमच्या शहराकडे बघा. एका आजीच्या वाणातून वाढलेली घरं एकमेकांत मिसळत जातात, आतल्या आत एकच अंग होतात. दुसऱ्या घराण्याचं घर शेजारी आलं की मध्ये काळी रेघ. लग्न ठरताना दोन्हीकडचे लोक पत्रिकेच्या आधी भिंतीचे दोन तुकडे ताटात ठेवतील आणि आठवडाभर वाट बघतील. अमेरिकेत ओरेगनच्या मालहूर जंगलात मधबुरशीचा एकच जीव सुमारे 965 हेक्टरवर जमिनीखाली पसरलेला आहे; वयाचा अंदाज सुमारे दोन हजार वर्षं किंवा त्याहून बराच जास्त. एका अंगाचं शहर ही कल्पना तितकीशी काल्पनिक नाही.

भिंतीला काही कळतं का, असं मला नेहमी विचारतात. युरोपातल्या काही संशोधकांनी धिंगरीत सुया खोचून विजेचे बारीक ठोके मोजले आहेत, आणि जिवंत बुरशीच्या इमारतींना संवेदना देता येईल का यावर 2019 पासून काही वर्षं 'फंगार' नावाचा प्रकल्पही चालला. ठोके आहेत. त्यांना भाषा म्हणायला मी तयार नाही. तुम्ही कथेत म्हणू शकता. फक्त ती भिंत माणसासारखी बोलायला लावू नका. तिला सांगण्यासारखं असेल ते ओल, ऊब, हवा आणि अन्न यांबद्दलच असेल.

आता भीती. तुमच्या गोष्टींत तिच्यावर राक्षस चालून येतात, राजा तिला कैद करतो. माझ्या ओळखीच्या सगळ्या बुरशीवाल्यांची भीती एकच आहे आणि ती नखाएवढी असते: हिरवा ठिपका.

दुसऱ्या वर्षी एका गावच्या वाचनालयात आवाज अडवणारी भिंत करून द्यायचं मी कबूल केलं होतं. 140 ठोकळे. पेंढा उकळताना निम्म्यावर सिलिंडर संपला. दुसरा आणायला तासभर लागला असता, संध्याकाळ झाली होती, मदतीला आलेल्या बायकांना घरी जायचं होतं. मी म्हटलं, पाणी गरम आहे, चालेल. अकराव्या दिवशी रात्री एका साच्याच्या कडेला फिकट हिरवी पूड दिसली. मी तो साचा बाजूला ठेवला आणि झोपले. तेव्हाच उचलून शेडबाहेर न्यायला हवा होता. चार दिवसांत 90 हून जास्त ठोकळे हिरवे झाले. ती ट्रायकोडर्मा बुरशी. तिला माझा पेंढा आवडला आणि माझी बुरशीही. आम्ही तोंडाला फडकी बांधून ते सगळे ओढ्यापलीकडे खड्ड्यात पुरले. वाचनालयाच्या काकांना मी फोन केला, तेव्हा ते म्हणाले, "पोरी, पुढच्या वर्षी कर." त्यांनी रागावायला हवं होतं असं मला अजून वाटतं.

तुमच्या वास्तुकारेच्या आयुष्यात अशी एक रात्र असू द्या. तिच्या आळसाने किंवा दमणुकीने एक गाव बेघर झालेलं असू द्या. त्यानंतर ती प्रत्येक उंबऱ्यावर वाकून कड तपासते आणि लोकांना वाटतं ती नमस्कार करते.

खलनायक हवाच असेल तर तोही बुरशीतच मिळेल. युरोपातली जुनी लाकडी घरं पोखरणाऱ्या बुरशीचं शास्त्रीय नाव सर्प्युला लॅक्रिमन्स. लॅक्रिमन्स म्हणजे रडणारी, कारण तिच्या अंगावर पाण्याचे थेंब साचतात. ती दोरीसारख्या तंतूंतून लांबून पाणी आणते आणि विटांच्या भिंतीतून पलीकडच्या लाकडापर्यंत पोचते. रानात ती हिमालयात सापडते. रडत रडत घर खाणारी बुरशी. यापुढे मला कुठलाही ड्रॅगन फिका वाटतो.

आणि आता त्या लाल टोपीबद्दल, जी मला सगळ्यात जास्त खुपली. लाल टोपी, पांढरे ठिपके ही बुरशी थंड प्रदेशातल्या भूर्ज आणि पाइनच्या मुळांशी संसार करणारी. तिथल्या परीकथांत ती शोभते, कारण तिथल्या आज्यांनी ती पाहिली होती. आपल्या आज्यांनी काय पाहिलं होतं?

माझ्या आजीने मला अळंबी दाखवली ती वारुळावर. मी आठ-नऊ वर्षांची असेन. श्रावणाच्या आसपास, चार दिवस पाऊस आणि मग एक उघडीप. परसाच्या मागच्या वारुळाच्या पायथ्याशी करड्या टोकांच्या पांढऱ्या छत्र्या आल्या होत्या. मी धावले तशी ती मागून म्हणाली, "आधी पाया पड गो, मगे हात लाव." आमच्याकडे आणि गोव्यात सातेरी देवी वारुळाच्या रूपात पुजतात. गोव्यात वारुळाला रोयण म्हणतात आणि काही देवळांच्या गाभाऱ्यात मूर्तीच्या जागी रोयण असते. आजीने एक अळंबी हळूच फिरवत उपटली. देठ संपेचना. जमिनीखाली तो वीतभर लांब, मुळासारखा निमुळता होत गेला होता. "खाली तिचा घर आसा," आजी म्हणाली. बाकीच्या छत्र्यांतल्या निम्म्या तिने तशाच ठेवल्या.

पुढे आर्किटेक्चर शिकून, शेड उभारून, पुस्तकं वाचून मला कळलं की आजी अक्षरशः खरं बोलली होती. वाळवीच्या काही जाती वारुळात बुरशीची शेती करतात. कामकरी वाळवी लाकूड, पाचोळा खाऊन येते आणि त्या विष्ठेचे स्पंजासारखे पोळे रचते. त्यावर ही बुरशी वाढते, जे वाळवीला पचत नाही ते पचवते आणि मग वाळवी ते पोळं जुन्या बाजूने खाते. वर नवं बांधायचं, खालचं जुनं खायचं. हे कोट्यवधी वर्षं चाललं आहे. त्या बुरशीचं नाव टर्मिटोमायसेस, आणि आजीची अळंबी हे तिचंच फळ. बाजारात येते ती सगळी रानातली.

वारूळ हे त्या बुरशीसाठी बांधलेलं घर आहे, श्वासासकट. बंगळूरुच्या वारुळांत हवेचा प्रवाह मोजून 2015 मध्ये संशोधकांनी दाखवलं की दिवसा वारुळाच्या बाहेरच्या कडा तापतात, तिथली हवा वर चढते आणि मधल्या पोकळीतून खाली उतरते. रात्री कडा आधी गार होतात आणि प्रवाह उलटा फिरतो. दिवसरात्रीच्या तापण्या-निवण्यावर चालणारं फुप्फुस. पंखा नाही, वीज नाही. आणि त्या पोळ्यावरही एक तण-बुरशी टपून असते. वाळवी जिवंत आहे, निगा राखते आहे, तोवर ती दबून राहते. वसाहत मेली की ती उसळते आणि सगळं पोळं ताब्यात घेते. माझा हिरवा ठिपका त्यांच्याकडेही आहे, आणि त्यांना सिलिंडरची सबब नाही.

तुमची वास्तुकार अशी असू शकली असती. सातेरीच्या पायाशी दीक्षा घेतलेली, वारुळाकडून हवेचं गणित शिकलेली, अर्ध्या छत्र्या मागे ठेवणारी. रात्रीचा उजेड हवा असेल तर भीमाशंकरच्या जंगलात पावसाळ्यात कुजक्या काटक्या हिरव्या चमकतात. डोळे अंधाराला सरावायला दहा-पंधरा मिनिटं द्यावी लागतात, मग दिसतं. तो उजेड जिवंत बुरशीलाच येतो. ती सुकली की विझतो. म्हणजे तिच्या घरातले दिवे पेटवायचे नसतात, ओले ठेवायचे असतात. संध्याकाळी लहान मुलं दिव्यांना पाणी पाजत फिरतात. हे चित्र मी तुम्हाला देऊन टाकते, हवं त्याने काढा.

शेवटी तिच्या म्हातारपणाबद्दल. जिवंत घर कधीतरी मरतं. अन्न देऊनही वाण थकतो. एकाच जाळ्यातून पुन्हा पुन्हा नवं जाळं काढत गेलं की काही पिढ्यांनी वाढ मंदावते, फळ धरत नाही. म्हणून प्रत्येक बुरशीवाल्याकडे मूळ कल्चर, म्हणजे त्या वाणाचं सुरुवातीचं जाळं, जपलेलं असतं. माझ्याकडे ते फ्रिजच्या खालच्या कप्प्यात सहा परीक्षानळ्यांत आहे, भाजीच्या वर, प्लास्टिकच्या डब्यात, डब्यावर मार्करने लिहिलेलं: हात लावू नये. तुमच्या वास्तुकारेने आयुष्यभर बांधलेली घरं तिच्या डोळ्यांदेखत मातीत जातील. ती कुठलं घर सोडायचं ते सांगेल, घरातल्यांना सामान हलवायला लावेल, आणि शेवटच्या दिवशी स्वतः जाऊन भिंतीवर हात ठेवेल, ती गार होईपर्यंत. मग त्या मातीत भात लावतील. तिच्यामागे उरेल ती बांबूच्या नळीत जपलेली मूळ बुरशी आणि ती कुणाला द्यायची हा प्रश्न. मुलीला, की ज्या पोराने त्या वर्षी पहिला हिरवा ठिपका शोधला त्याला?

भाचीच्या मैत्रिणीने नववं पान बदललं आहे. आता त्यावर सात मजले नाहीत. एक बाई उकिडवी बसली आहे, समोर पेंढ्याचा ढीग आहे, आणि ती मुठीत पेंढा दाबून थेंब पडतो का ते बघते आहे. तिने मला विचारलं, "मावशी, असं कुणी वाचेल का?" मी वाचेन. तुम्ही लिहिलंत तर तेही वाचेन.

प्रत्यक्ष बघायचं असेल त्यांनी डिसेंबरात या. तेव्हा नवा पेंढा आलेला असतो आणि आम्ही बेड भरायला घेतो. हातांची गरज असतेच. चपला दाराबाहेर काढायच्या, कोपरापर्यंत हात धुवायचे, अंगठ्या-घड्याळं काढून ठेवायची. मास्क आपला आपण आणा, आणि राहायला येणार असाल तर टॉर्चही. रात्री दोन वाजता साचे तपासायला मी उठते, तेव्हा हाक मारीन.

तुमची,
पेंढ्यावर विटा वाढवणारी एक आर्किटेक्ट
कुडाळ तालुका, सिंधुदुर्ग